गेमिंगसाठी वाढवलेले लॅपटॉपचे सेटिंग पूर्वपदावर आणताना : टप्प्यांचा क्रम, तपासण्या आणि नेहमीच्या चुका

लॅपटॉपचा पंखा सतत घोंघावतो, तळ इतका तापतो की मांडीवर ठेववत नाही आणि चार्जर काढला की बॅटरी बघता बघता उतरते. म्हणून विंडोजमधला ‘गेम मोड’ बंद केला, पण फरक काहीच पडला नाही. गेमिंगसाठी घेतलेला लॅपटॉप पुढे अभ्यासाला किंवा कार्यालयाच्या कामाला वापरू लागलेल्या अनेकांकडून मी हीच तक्रार ऐकत आलो आहे. विंडोज ११ मध्ये गेम मोड मुळातच चालू असतो, समोर एखादा गेम चालू असेल तेव्हाच तो काम करतो, आणि गेमला अधिक साधने मिळावीत व मधेच अपडेटचा व्यत्यय येऊ नये एवढेच तो पाहतो. ब्राउझर आणि वर्ड एवढेच उघडे असताना पंखा वाजत असेल, तर त्यात गेम मोडचा काही संबंध नसतो आणि तो बंद केल्याने पंखा शांतही होत नाही.

खरा घोटाळा क्रमाचा असतो. वेग वाढवणारी सेटिंग एका जागी नसतात. ती एकावर एक थरांनी बसलेली असतात. सर्वांत वर ओव्हरक्लॉकिंगचे, म्हणजे चिप ठरलेल्या वेगापेक्षा जास्त पळवण्याचे सॉफ्टवेअर, त्याखाली लॅपटॉप बनवणाऱ्या कंपनीचे नियंत्रण सॉफ्टवेअर, मग विंडोजची पॉवर योजना (पॉवर प्लॅन), मग ग्राफिक्स ड्रायव्हर (पडद्यावरचे चित्र तयार करणारी चिप चालवणारे सॉफ्टवेअर) आणि शेवटी विंडोजची स्वतःची ग्राफिक्स व गेमिंगची पाने. वरचा थर तसाच ठेवून खालचा बदलला, तर पुढच्या रीस्टार्टनंतर वरचा थर तो बदल पुसून टाकतो. म्हणून खालील टप्पे वरून खाली याच क्रमाने करावेत आणि मधला एकही गाळू नये.

दुसरी गोष्ट आरंभीच स्पष्ट करतो. आपल्याला सगळे ‘बंद’ करायचे नाही, सगळे ‘पूर्वपदावर’ आणायचे आहे. गेमसाठी केलेल्या बदलांपैकी काही बदल चालू केलेले असतात, तर काही बंद केलेले असतात, आणि बंद केलेल्यांत सुरक्षेची महत्त्वाची सेटिंगही असतात. जे दिसेल ते बंद करत सुटल्यास लॅपटॉप शांतही होत नाही आणि सुरक्षितही राहत नाही.

पुढील सर्व सूचना विंडोज ११ साठी आहेत. मेनूंची नावे इंग्रजी मांडणीत दिसतात तशीच, देवनागरीत लिहिली आहेत.

## पूर्वतयारी

या कामाला तासभर वेळ हाताशी ठेवावा. त्यातली पहिली पंधरा मिनिटे तयारीची आहेत आणि नेमकी तीच बहुतेक जण वाचवायला जातात.

१. चार्जर जोडून ठेवावा. अनेक गेमिंग लॅपटॉपांत सर्वांत वेगवान मोड फक्त चार्जर जोडलेला असतानाच दिसतो. बॅटरीवर पाहिले तर तो मोड यादीत नसतो किंवा फिकट दिसतो, आणि तो बंदच आहे असा गैरसमज होतो.

२. बिटलॉकर किंवा ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ ही डिस्कवरची माहिती कुलूपबंद (एन्क्रिप्ट) करणारी विंडोजची सोय आहे. तिची रिकव्हरी की कागदावर उतरवून घ्यावी. ही ४८ अंकी किल्ली असते. विंडोज ११ चे बरेच लॅपटॉप मायक्रोसॉफ्ट खात्याने सुरू केल्यावर डिस्क आपोआप एन्क्रिप्ट करतात आणि किल्ली त्या खात्यात साठवतात. मालकाला याची कल्पनाही नसते. बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी चालू होणाऱ्या लॅपटॉपच्या मूळ सेटिंगमध्ये, काही बदलले गेले, तर पुढच्या सुरुवातीला विंडोज ही किल्ली मागू शकते. किल्ली त्याच लॅपटॉपमध्ये फाइल करून ठेवण्यात काही अर्थ नाही, कारण ती लागेल तेव्हा तो लॅपटॉपच उघडणार नाही.

३. प्रत्येक सेटिंगचे पान बदलण्यापूर्वी मोबाइलने त्याचा फोटो काढावा. ‘सिस्टम रिस्टोअर’चा बिंदू तयार करावा, पण त्याच्यावर विसंबून राहू नये. लॅपटॉपच्या फर्मवेअरमध्ये, म्हणजे विंडोजबाहेर यंत्रातच असलेल्या मूळ सॉफ्टवेअरमध्ये, साठवलेले मोड रिस्टोअरने परत येत नाहीत, फोटो पाहून मात्र परत लावता येतात.

४. आधीची स्थिती मोजून ठेवावी. सर्व प्रोग्राम बंद करून लॅपटॉप दहा मिनिटे तसाच राहू द्यावा, मग कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडावा. ‘परफॉर्मन्स’ पानावर सीपीयूचा (प्रोसेसरचा) चालू वेग आणि त्याखालचा ‘बेस स्पीड’ म्हणजे मूळ वेग हे दोन्ही आकडे, तसेच गेमसाठी वेगळ्या दिलेल्या स्वतंत्र ग्राफिक्स चिपचा (जीपीयूचा) वापर व तापमान टिपून ठेवावे. ही नोंद नसेल तर शेवटी फरक पडला की नाही हे केवळ कानाने ठरवावे लागते, आणि रात्रीच्या शांततेत कानाचा अंदाज चुकतो.

सावधान : बायोस उघडून ‘लोड डिफॉल्ट्स’ करणे हा जवळचा मार्ग वाटतो, पण तो घेऊ नये. कोणी पूर्वी विंडोज नव्याने टाकताना स्टोरेजचा मोड बदललेला असेल, तर डिफॉल्ट केल्यावर तो उलटतो आणि विंडोज सुरूच होत नाही. या लेखातल्या कोणत्याही टप्प्यासाठी बायोसमध्ये शिरण्याची गरज नाही.

## टप्पा १ : ओव्हरक्लॉकिंग काढणे

लॅपटॉपमध्ये एमएसआय आफ्टरबर्नर, इंटेलचे एक्स्ट्रीम ट्यूनिंग युटिलिटी किंवा तत्सम काही बसवलेले आहे का, हे ‘सेटिंग्ज’मधील ‘ॲप्स’, ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’ या यादीत पाहावे. काहीच नसेल तर थेट दुसऱ्या टप्प्यावर जावे.

१. आफ्टरबर्नर असल्यास तो उघडून ‘रीसेट’ दाबावे. कोअर आणि मेमरीचे वाढीव आकडे शून्यावर आलेले दिसले पाहिजेत. मग बरोबरच्या खुणेचे ‘अप्लाय’ बटन दाबावे.

२. विंडोज सुरू होताना ओव्हरक्लॉक लावण्याचा पर्याय काढून टाकावा. हा पर्याय राहिला तर आत्ता शून्य केलेले आकडे उद्या सकाळी परत आलेले दिसू शकतात.

३. इंटेलच्या युटिलिटीत ‘डिफॉल्ट’ हे प्रोफाइल निवडून लागू करावे.

४. एवढे झाल्यावर लॅपटॉप रीस्टार्ट करावा, आकडे शून्यावरच आहेत हे पाहावे आणि त्यानंतरच, नको असल्यास, ते सॉफ्टवेअर काढावे.

व्होल्टेज कमी केलेले असेल, म्हणजे ‘अंडरव्होल्ट’ केलेले असेल, तर तो वेगळा विषय आहे. त्याने उष्णता कमी होते, वाढत नाही. तरीही लॅपटॉप मधेच निळा पडदा दाखवून बंद पडत असेल तर तेही मूळ आकड्यावर आणावे, कारण अस्थिर अंडरव्होल्ट हे त्यामागचे एक नेहमीचे कारण असते.

## टप्पा २ : कंपनीच्या सॉफ्टवेअरमधील मोड

सर्वांत मोठा फरक याच टप्प्यात पडतो आणि नेमका हाच सर्वाधिक गाळला जातो.

माझ्या भाच्याला त्याच्या थोरल्या भावाचा लॅपटॉप मिळाला होता. ऑनलाइन मौखिक परीक्षेत पंख्याच्या आवाजामुळे परीक्षकांना त्याचे बोलणे ऐकू येईना, म्हणून त्याने तो माझ्याकडे आणला. मी विंडोजची पॉवर योजना ‘बॅलन्स्ड’ केली, पंखा उतरला आणि लॅपटॉप त्याला परत दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी तक्रार जशीच्या तशी होती. टास्क मॅनेजर उघडून पाहिला तर काहीही चालू नसताना सीपीयू ४ गिगाहर्ट्झच्या खाली उतरत नव्हता. कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्ये सर्वांत वरचा मोड तसाच राहिला होता आणि लॅपटॉप सुरू होताच त्याने माझी योजना बदलून आपली लावली होती. त्या दिवसापासून मी विंडोजला हात लावण्यापूर्वी हा थर तपासतो.

कंपनीगणिक सॉफ्टवेअर वेगळे असते. आसूसच्या आरओजी आणि टफ मालिकांत आर्मरी क्रेट, लेनोव्होच्या लीजन व एलओक्यू मालिकांत व्हँटेज किंवा लीजन स्पेस, एचपीच्या ओमेन व व्हिक्टसमध्ये ओमेन गेमिंग हब, एसरमध्ये नायट्रोसेन्स किंवा प्रेडेटरसेन्स, एमएसआयमध्ये एमएसआय सेंटर आणि डेलमध्ये एलियनवेअर कमांड सेंटर असते.

१. आपल्या लॅपटॉपचे सॉफ्टवेअर उघडून मधला मोड निवडावा. बहुतेक ठिकाणी त्याचे नाव ‘बॅलन्स्ड’ असते. आसूसमध्ये मात्र नावाने फसायला होते. तिथे ‘सायलेंट’, ‘परफॉर्मन्स’ आणि ‘टर्बो’ असे मोड असतात, आणि ‘परफॉर्मन्स’ हाच मधला, रोजच्या कामाचा मोड असतो. लेनोव्होच्या बहुतेक लॅपटॉपांत उलट ‘परफॉर्मन्स’ हा वरचा मोड असतो. म्हणजे एकाच नावाचा एका लॅपटॉपवर मधला आणि दुसऱ्यावर वरचा असा अर्थ होतो, तेव्हा दुसऱ्याच्या लॅपटॉपसाठी सांगितलेली सूचना आपल्याला डोळे झाकून लागू करू नये.

२. त्याच सॉफ्टवेअरमध्ये ‘सीपीयू ओव्हरक्लॉक’, ‘जीपीयू ओव्हरक्लॉक’ किंवा ‘मॅन्युअल’, ‘कस्टम’ अशी वेगळी पाने असतील तर तीही पाहावीत. मोड बदलला तरी ही वेगळी बटने काही लॅपटॉपांत चालूच राहतात.

३. गेम उघडताच मोड आपोआप वर नेणारा पर्याय असल्यास तो काढावा. लॅपटॉप आता मुख्यतः कामासाठी असेल तर त्याची गरज नाही.

४. ग्राफिक्स चिपच्या निवडीचे पान शोधावे. इथे ‘हायब्रिड’ की ‘डिस्क्रीट’, अथवा आसूसमध्ये ‘स्टँडर्ड’ की ‘अल्टिमेट’ असे विचारलेले असते. गेमसाठी बहुतेकांनी डिस्क्रीट किंवा अल्टिमेट लावलेले असते. त्यात पडदा थेट स्वतंत्र ग्राफिक्स चिपला जोडला जातो, म्हणून ती चिप एक अक्षर टाइप करतानाही जागी राहते आणि बॅटरी खात राहते. ते हायब्रिड किंवा स्टँडर्डवर आणावे. हा बदल रीस्टार्टनंतरच लागू होतो, म्हणून उघड्या फाइली आधी जतन कराव्यात. रिकव्हरी कीचा कागदही याच वेळी जवळ असू द्यावा.

सावधान : आसूसमधील ‘इको’सारखा मोड स्वतंत्र चिप पूर्णच बंद करतो. अनेक गेमिंग लॅपटॉपांत एचडीएमआयचे पोर्ट थेट त्या चिपला जोडलेले असते, त्यामुळे इको लावताच बाहेरचा मॉनिटर काळा पडतो. मॉनिटर बिघडला असे समजून केबल बदलत बसू नये. मॉनिटर किंवा प्रोजेक्टर नेहमी लागत असेल तर हायब्रिडच ठेवावा.

तपासणी : मोड कळफलकावरूनही बदलतात, तेव्हा ते चुकून बदलले जात नाहीत ना हे पाहावे. लीजनमध्ये एफएन आणि क्यू एकत्र दाबल्यास मोड बदलतो आणि पॉवर बटनाच्या दिव्याचा रंगही बदलतो. बहुतेक लीजन लॅपटॉपांत लाल म्हणजे परफॉर्मन्स, पांढरा म्हणजे बॅलन्स्ड आणि निळा म्हणजे क्वाएट. आसूसच्या अनेक लॅपटॉपांत हेच काम एफएन आणि एफ५ करतात.

एक चूक वारंवार होते. ‘हे सॉफ्टवेअरच नको’ म्हणून ते आधीच काढून टाकले जाते. अनेक लॅपटॉपांत शेवटचा निवडलेला मोड फर्मवेअरमध्ये राहतो. सॉफ्टवेअर गेले की तो मोड तसाच अडकतो आणि बदलायला बटन उरत नाही. काढायचेच असेल तर आधी मधला मोड लावून, रीस्टार्ट करून, तो टिकला आहे हे पाहून मग काढावे.

## टप्पा ३ : आधी पॉवर योजना, मग पॉवर मोड

विंडोजमध्ये ‘पॉवर प्लॅन’ आणि ‘पॉवर मोड’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिली जुन्या कंट्रोल पॅनेलमध्ये असते आणि दुसरी नव्या सेटिंग्जमध्ये. पॉवर प्लॅन ‘हाय परफॉर्मन्स’वर असेल तर सेटिंग्जमधला पॉवर मोड बदलताच येत नाही, तो फिकट दिसतो. अनेक जण इथेच अडतात आणि विंडोज बिघडले असे समजतात.

१. कंट्रोल पॅनेल उघडून ‘हार्डवेअर अँड साउंड’, मग ‘पॉवर ऑप्शन्स’मध्ये जावे. ‘शो ॲडिशनल प्लॅन्स’ ही ओळ असल्यास ती उलगडावी, कारण निवडलेली योजना कधी कधी तिथे दडलेली असते.

२. ‘बॅलन्स्ड’ निवडावी.

३. तिच्यासमोरील ‘चेंज प्लॅन सेटिंग्ज’ उघडून ‘रिस्टोअर डिफॉल्ट सेटिंग्ज फॉर धिस प्लॅन’ दाबावे. गेमसाठी कोणीतरी बॅलन्स्ड योजनेच्या आतच आकडे बदललेले असू शकतात. नाव बॅलन्स्ड आणि वागणूक हाय परफॉर्मन्सची, असा प्रकार त्यामुळे होतो.

४. ‘ॲडव्हान्स्ड’ सेटिंग्जमध्ये ‘प्रोसेसर पॉवर मॅनेजमेंट’ दिसत असेल तर ‘मिनिमम प्रोसेसर स्टेट’ पाहावे. हाय परफॉर्मन्समध्ये ते १०० टक्के असते, म्हणजे प्रोसेसरला विसावा घेण्याची मुभाच नसते. बॅलन्स्डमध्ये ते साधारण ५ टक्के असते. इथे ‘ऑन बॅटरी’ आणि ‘प्लग्ड इन’ असे दोन वेगळे आकडे असतात. दोन्ही पाहावेत. एकच बदलून दुसरा विसरणे ही या पानावरची सर्वांत नेहमीची चूक आहे. काही नव्या लॅपटॉपांत हा विभाग दिसत नाही, आणि तसे असल्यास काही करायचे नाही.

५. त्याच विभागात ‘सिस्टम कूलिंग पॉलिसी’ असेल तर चार्जरवर ती ‘ॲक्टिव्ह’च ठेवावी. आवाज कमी करण्यासाठी ‘पॅसिव्ह’ करू नये, कारण त्यात पंखा वाढवण्याऐवजी आधी प्रोसेसर मंद केला जातो आणि साधे कामही अडखळू लागते.

६. आता ‘सेटिंग्ज’, ‘सिस्टम’, ‘पॉवर अँड बॅटरी’ इथे येऊन पॉवर मोड पाहावा. तो ‘बेस्ट परफॉर्मन्स’वर असेल तर ‘बॅलन्स्ड’ करावा. विंडोज ११ च्या नव्या आवृत्त्यांत इथेही चार्जर आणि बॅटरी यांसाठी दोन वेगळे पर्याय आहेत. बॅटरीसाठी ‘बेस्ट पॉवर एफिशन्सी’ ठेवायला हरकत नाही.

‘अल्टिमेट परफॉर्मन्स’ किंवा एखाद्या गेमच्या नावाची स्वतंत्र योजना कोणी तयार केली असेल तर ती आता काढता येते. चालू असलेली योजना विंडोज काढू देत नाही, म्हणूनच आधी बॅलन्स्ड निवडायची. कंपनीच्या सॉफ्टवेअरने बनवलेली योजना मात्र काढू नये.

‘मॅक्सिमम प्रोसेसर स्टेट’ ९९ टक्के केल्यास अनेक लॅपटॉपांत प्रोसेसरचा टर्बो, म्हणजे गरजेपुरता वाढणारा वेग बंद होतो आणि तो बेस स्पीडच्या वर जात नाही. हा उपाय खरोखर परिणामकारक आहे आणि वाचनालयात किंवा वर्गात बसून काम करणाऱ्यांना मी तो सुचवतोही, पण केवळ ‘ऑन बॅटरी’च्या रकान्यात. दोन्हीकडे ९९ करून ठेवले तर सहा महिन्यांनी ‘लॅपटॉप जुना झाला, मंद झाला’ असे वाटू लागते आणि खरे कारण कोणाच्या लक्षात येत नाही.

तपासणी : रीस्टार्ट करून पॉवर प्लॅन पुन्हा पाहावा. तो हाय परफॉर्मन्सवर परत गेला असेल तर टप्पा २ अपुरा राहिला आहे. पुढे न जाता मागे यावे.

## टप्पा ४ : ग्राफिक्स ड्रायव्हर

ग्राफिक्स चिप एनव्हिडिया कंपनीची असल्यास : एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलमध्ये ‘मॅनेज थ्रीडी सेटिंग्ज’ उघडावे. ‘ग्लोबल सेटिंग्ज’मध्ये ‘पॉवर मॅनेजमेंट मोड’ हा ‘प्रेफर मॅक्सिमम परफॉर्मन्स’वर असेल तर तो ‘नॉर्मल’ करावा, आणि ‘प्रेफर्ड ग्राफिक्स प्रोसेसर’ ‘ऑटो-सिलेक्ट’वर आणावा. एकेक सेटिंग शोधत बसण्यापेक्षा ‘रिस्टोअर’ हे बटन सोपे आहे. त्यानंतर शेजारचे ‘प्रोग्राम सेटिंग्ज’ पान उघडून ब्राउझर, व्हिडिओ प्लेअर आणि ऑफिसचे प्रोग्राम यांना स्वतंत्र चिप जबरदस्तीने नेमून दिलेली नाही ना, हे पाहावे. एका ब्राउझरला असे नेमून दिलेले असले तरी दिवसभर चिप झोपत नाही. ‘अप्लाय’ दाबल्याशिवाय यांतले काहीच लागू होत नाही.

एनव्हिडिया ॲपमध्ये ‘इन्स्टंट रिप्ले’ चालू असल्यास बंद करावे, कारण ते मागच्या काही मिनिटांचे चित्रण सतत साठवत असते.

ग्राफिक्स चिप एएमडी कंपनीची असल्यास : एएमडी सॉफ्टवेअरच्या ग्राफिक्सच्या पानावर ‘डिफॉल्ट’ प्रोफाइल निवडावे. ‘ट्यूनिंग’चे पान दिसत असल्यास तिथेही डिफॉल्ट करावे.

सावधान : नावात ‘बूस्ट’ दिसले की बंद करायचे, असे करू नये. एनव्हिडियाचे ‘बॅटरी बूस्ट’ हे वेग वाढवण्यासाठी नसून बॅटरीवर गेम चालवताना दर सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेमची (चित्रांची) संख्या आटोक्यात ठेवून बॅटरी टिकवण्यासाठी आहे. एएमडीचे ‘चिल’ही फ्रेम मर्यादित ठेवून वीज वाचवते. ही दोन्ही चालू असतील तर राहू द्यावीत.

तपासणी : एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलच्या ‘डेस्कटॉप’ मेनूतून जीपीयूची हालचाल दाखवणारे चिन्ह घड्याळाशेजारी आणता येते. सर्व प्रोग्राम बंद केल्यावर त्या चिन्हावर टिचकी मारावी. एखादा प्रोग्राम तरीही यादीत दिसत असेल, तर चिप कोण जागी ठेवत आहे हे तिथेच कळते.

## टप्पा ५ : विंडोजमधील ग्राफिक्स, चित्रण आणि पडदा

हा भाग सोपा आहे आणि चूक झाली तरी नुकसान होत नाही.

१. ‘सिस्टम’, ‘डिस्प्ले’, ‘ग्राफिक्स’ इथल्या यादीत रोजच्या वापरातल्या ज्या प्रोग्रामांना ‘हाय परफॉर्मन्स’ नेमले आहे, त्यांना ‘लेट विंडोज डिसाइड’ करावे.

२. ‘हार्डवेअर ॲक्सिलरेटेड जीपीयू शेड्यूलिंग’ चालू असेल तर राहू द्यावे. त्याने रिकाम्या लॅपटॉपचा पंखा वाजत नाही, आणि एनव्हिडियाच्या फ्रेम जनरेशनला, म्हणजे गेममध्ये जादा फ्रेम तयार करण्याच्या सोयीला, ते लागते. बंद केलेच तर रीस्टार्ट करावे.

३. ‘गेमिंग’, ‘कॅप्चर्स’मध्ये मागच्या मागे चालणारे ‘रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड’ बंद करावे. गेम मोड आहे तसा ठेवावा.

४. ‘ॲडव्हान्स्ड डिस्प्ले’मध्ये पडद्याचा रिफ्रेश रेट, म्हणजे चित्र सेकंदाला किती वेळा नव्याने काढले जाते तो आकडा, पाहावा. १४४ किंवा १६५ हर्ट्झवर पडदा अधिक वीज घेतो. बॅटरीवर लिखाण-वाचन करायचे असेल तर ६० हर्ट्झ पुरतात. ‘डायनॅमिक’ हा पर्याय असल्यास तो अधिक चांगला.

५. शोधपेटीत ‘ॲडजस्ट द अपिअरन्स अँड परफॉर्मन्स ऑफ विंडोज’ टाइप करून उघडणाऱ्या चौकटीत ‘लेट विंडोज चूज’ ही पहिली ओळ निवडावी. गेमसाठी इथे ‘ॲडजस्ट फॉर बेस्ट परफॉर्मन्स’ लावलेले असेल तर अक्षरांच्या कडा गुळगुळीत करणारी सोयही बंद झालेली असते. इंग्रजी मजकुरात ते तितके खुपत नाही, पण मराठी मजकुरात शिरोरेषा तुटक दिसते, वेलांट्या आणि रफार दातेरी होतात आणि ‘क्ष’, ‘ज्ञ’ डोळे बारीक करून वाचावे लागतात. फॉन्ट खराब झाला म्हणून नवे फॉन्ट टाकण्यापूर्वी ही एक ओळ पाहावी.

## टप्पा ६ : जे बंद केले होते ते पुन्हा चालू करणे

माझ्या मते या लेखातला हा सर्वांत महत्त्वाचा टप्पा आहे, कारण तो गाळल्याची कोणतीही खूण दिसत नाही. पंखा शांत होतो, बॅटरी टिकते आणि लॅपटॉप असुरक्षितच राहतो. त्याच लॅपटॉपवरून मग बँकेचे व्यवहार होतात.

१. ‘विंडोज सिक्युरिटी’, ‘डिव्हाइस सिक्युरिटी’, ‘कोअर आयसोलेशन डिटेल्स’ इथे ‘मेमरी इंटिग्रिटी’ पाहावी. घातक कोडला विंडोजच्या गाभ्यात शिरू न देणारी ही सोय आहे. थोडा वेग मिळावा म्हणून गेमिंगसाठी ती बंद करण्याची पद्धत आहे, आणि गेम झाल्यावर ती पुन्हा चालू करायची असते हे बहुतेक जण विसरतात. ती चालू करून रीस्टार्ट करावे. विंडोजने एखादा जुना ड्रायव्हर अडथळा म्हणून दाखवला तर तो कोणत्या प्रोग्रामचा आहे हे पाहून तो प्रोग्राम अद्ययावत करावा किंवा काढावा.

२. ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’च्या ‘मॅनेज सेटिंग्ज’मध्ये ‘रिअल-टाइम प्रोटेक्शन’ चालू आहे हे पाहावे. त्याच पानाच्या तळाशी ‘एक्स्क्लूजन्स’ उघडावे. गेमच्या फोल्डरांना तपासणीतून सूट दिल्याच्या नोंदी इथे असतात. ‘डाउनलोड्स’ किंवा संपूर्ण सी ड्राइव्हला सूट दिलेली आढळली तर ती ताबडतोब काढून पूर्ण स्कॅन करावा. विकत न घेतलेल्या, इकडून तिकडून उतरवलेल्या गेमसोबत ‘अँटिव्हायरस बंद करा’ अशी सूचना असते, आणि तिचा माग इथेच सापडतो.

३. ‘विंडोज अपडेट’ स्थगित केलेले असेल तर ‘रिझ्यूम’ करावे.

४. ‘गेम बूस्टर’ प्रकारचे सॉफ्टवेअर असेल तर ते काढण्यापूर्वी त्यातले ‘रिस्टोअर’चे बटन दाबावे. असे प्रोग्राम विंडोजच्या काही सेवा बंद करतात. ते नुसते काढून टाकले तर सेवा बंदच राहू शकतात, आणि मग प्रिंटर का चालत नाही किंवा शोधपेटीत काही का सापडत नाही, याचा उलगडा होत नाही.

५. माउसच्या जादा सेटिंगमध्ये ‘एन्हान्स पॉइंटर प्रिसिजन’ बंद असल्यास आणि पॉइंटर हाताला जड वाटत असल्यास ते चालू करावे.

## टप्पा ७ : पंखा सर्वांत शेवटी

पंख्याला हात लावण्याची वेळ आता आली. पहिल्याच मिनिटाला पंखा कमी करणे ही या संपूर्ण कामातली सर्वांत घातक चूक आहे. आत उष्णता तितकीच तयार होत असते आणि आपण फक्त तिची वाट अडवतो.

कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्ये पंखा ‘मॅक्स’, ‘कूलर बूस्ट’ किंवा ‘कस्टम’वर असेल तर तो ‘ऑटो’ करावा. हाताने काढलेला वेगाचा आलेख ठेवू नये. आधीच्या वापरकर्त्याने तो आपल्या गेमसाठी आणि आपल्या खोलीसाठी आखलेला असतो. अकोल्यात एप्रिलमध्ये खोलीचेच तापमान वेगळे असते, आणि ‘ऑटो’ला ते हाताळता येते.

## टप्पा ८ : रीस्टार्ट आणि अंतिम तपासणी

१. लॅपटॉप ‘शट डाउन’ न करता ‘रीस्टार्ट’ करावा. ‘फास्ट स्टार्टअप’ चालू असेल तर शट डाउन केल्यावर विंडोजचा गाभा पूर्ण बंद होत नाही, त्याची अवस्था डिस्कवर साठवून ठेवली जाते. रीस्टार्टमध्ये सगळे नव्याने सुरू होते.

२. सुरू झाल्यावर दहा मिनिटे थांबावे. सुरुवातीला विंडोज स्वतःची कामे करत असते, त्या वेळी घेतलेले आकडे खोटे ठरतात.

३. टास्क मॅनेजर उघडून आधीच्या नोंदीशी ताडून पाहावे. सीपीयूचा वेग स्थिर न राहता वर-खाली होत बेस स्पीडच्या खालीही उतरला पाहिजे. स्वतंत्र ग्राफिक्स चिपचा वापर शून्याजवळ आला पाहिजे.

४. चार्जर काढून पाच मिनिटांनी हेच पुन्हा पाहावे, मग चार्जर लावून आणखी एकदा. मोड चार्जरप्रमाणे बदलतात, म्हणून एकच बाजू तपासणे पुरेसे नाही.

५. दुसऱ्या दिवशी लॅपटॉप सुरू केल्यावर पॉवर प्लॅन आणि कंपनीचा मोड परत एकदा पाहावा. विंडोजच्या किंवा कंपनीच्या सॉफ्टवेअरच्या मोठ्या अपडेटनंतरही हीच दोन पाने उघडून पाहावीत.

## एवढे करूनही पंखा वाजत असेल तर

टास्क मॅनेजरच्या ‘प्रोसेसेस’ पानावर सीपीयूच्या रकान्याच्या शीर्षावर टिचकी मारावी, म्हणजे सर्वाधिक काम करणारा प्रोग्राम वर येतो. गेमचे लाँचर बहुधा विंडोजबरोबरच सुरू होतात आणि मागच्या मागे अपडेट उतरवत असतात. ‘स्टार्टअप ॲप्स’मधून ते बंद करावेत. बाहेरचा मॉनिटर एचडीएमआयने जोडलेला असेल तर तो काढून पाहावा, कारण त्यासाठी स्वतंत्र चिप जागी राहत असेल तर तो दोष सेटिंगचा नाही.

सीपीयू आणि ग्राफिक्स या दोन्हींचे आकडे उतरलेले असूनही तापमान चढेच राहत असेल तर सेटिंग शोधत राहू नये. लॅपटॉप उचलून तळाच्या जाळीवर आणि मागच्या फटींवर प्रकाश टाकावा. गादीवर किंवा चादरीवर ठेवून वापरलेल्या लॅपटॉपमध्ये तिथे राखाडी धुळीचा पातळ नमदा बसलेला दिसतो आणि हवा त्यातून जातच नाही. हॉटेलच्या काउंटरवर किंवा सुतारकामाजवळ वापरलेल्या लॅपटॉपमध्ये तो थर चिकट असतो, नुसत्या फुंकरीने निघत नाही. अशा वेळी लॅपटॉप जाणकाराकडून उघडून पंखे साफ करून घ्यावेत आणि प्रोसेसरवरची उष्णता वाहून नेणारी थर्मल पेस्ट सुकली आहे का, हेही त्याच वेळी पाहायला सांगावे.